प्रवेश झाला, आता शिष्यवृत्तीचं काय?

प्रश्न : मुलीला कॅप फेरीतून इंजिनिअरिंगला प्रवेश मिळाला. आम्ही खुल्या प्रवर्गातले. शिष्यवृत्तीचा अर्ज कधी, कुठे करायचा? – एक पालक, सातारा जिल्हा

उत्तर : अर्ज महाडीबीटी पोर्टलवर होतो, प्रवेश पक्का झाल्यावर. कागदपत्रं मात्र बारावीच्या निकालाआधीच हाताशी हवीत. निकाल लागला की सेतू केंद्रात पाय ठेवायला जागा उरत नाही, आणि तहसील कार्यालयाचा उत्पन्नाचा दाखला अडला की पुढचं सगळंच अडतं.

कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न ८ लाखांच्या आत असेल, तर राजर्षी छत्रपती शाहू महाराज शिक्षण शुल्क शिष्यवृत्तीत निम्मी ट्यूशन फी मिळते. याच उत्पन्न मर्यादेत मुलींना २०२४-२५पासून ट्यूशन आणि परीक्षा फी पूर्ण माफ आहे. व्यवस्थापन कोट्यातल्या प्रवेशाला यातलं काही लागू नाही. वसतिगृहाचा किंवा मेसचा खर्चही यात धरलेला नाही. ‘सगळं फुकट’ या बोलण्यावर म्हणूनच विसंबू नये.

खरी गोची बँकेत होते. खात्याला आधार जोडलंय, एवढं पुरत नाही. थेट लाभ याच खात्यात जमा व्हावा, अशी नोंद (आधार सीडिंग) लागते. शाखेत जाऊन तसं स्पष्ट विचारावं. दाखल्यावर ‘पाटील स्नेहल’ आणि आधारवर ‘स्नेहल पाटील’ असेल, तर तेही आधीच सुधारून घेतलेलं बरं.

अर्ज भरल्यावर तो आधी कॉलेजच्या शिष्यवृत्ती विभागात तपासला जातो. तिथून त्रुटी निघून परत आला, तर दुरुस्ती विद्यार्थिनीनेच करायची असते. त्यामुळे लॉगिन अधूनमधून उघडून बघावं. दुसऱ्या वर्षी नूतनीकरणाचा अर्ज वेगळा.