युगांचे गणित आणि माणसाचा काळ

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या ‘रिडल्स इन हिंदुइझम’ या ग्रंथात कलियुगाची स्वतंत्र चिकित्सा आहे. महाराष्ट्र शासनाने १९८७ मध्ये हा ग्रंथ चौथ्या खंडात प्रकाशित केला. त्यावरून उठलेला वाद आपल्याला आठवतो. कालगणनेची ही चिकित्सा मात्र फारशी वाचली जात नाही.

कलियुग १,००० वर्षांचे, संध्या १०० व संध्यांश १००, एकूण १,२०० वर्षे. ही वर्षे देवांची मानली आणि देवांचे एक वर्ष म्हणजे माणसांची ३६० वर्षे धरली, की होतात ४,३२,००० वर्षे. प्रारंभ परंपरेने इ.स.पू. ३१०२. साध्या वर्षांनी हे युग इ.स.पू. १९०२ मध्येच संपते. देवांच्या वर्षांनी अजून सव्वाचार लाखांहून अधिक वर्षे उरतात. कलियुग अंतहीन का केले, हा बाबासाहेबांचा प्रश्न. अधःपतन हे काळाचेच लक्षण ठरले, की अन्यायाला कर्ता उरत नाही.

याउलट सम्राट अशोकाचे लेख पाहू. अभिषेकाला आठ वर्षे झाली असता कलिंगविजय, वीस वर्षे झाली असता लुंबिनीची भेट. येथे काळ माणसाच्या कृतीने मोजला जातो. १४ ऑक्टोबर १९५६ ही आपली तारीखही तशीच.

परभणी जिल्ह्यातील पालकांना आम्ही एवढेच सुचवतो: घरात कोणी ‘कलियुगच आहे’ म्हणाले, तर मुलांकडून वरचा गुणाकार करून घ्यावा. मग विचारावे, हे कोणी केले? कशासाठी केले? इतिहासाचा अभ्यास याच प्रश्नांनी सुरू होतो.