हौदात सोडताय तो मासा गप्पीच आहे ना?

पावसाने उघडीप दिली की वावरातला हौद, गोठ्याजवळचं टाकं, बांधावरचं शेततळं सगळीकडे पाणी तुंबलेलं असतं. खारपाणपट्ट्यात तर विहिरीचं पाणी खारट, म्हणून घरोघरी साठवण आलीच. अशा पाण्यात अंड्यापासून डास उडायला आठ-दहा दिवस पुरतात. ऐन निंदण-फवारणीच्या हंगामात घरातला एक माणूस डेंग्यूने आडवा झाला तर काम किती मागे पडतं, हे वेगळं सांगायला नको. म्हणून डासांच्या अळ्या खाणारे गप्पी मासे आत्ताच सोडा. पण सोडण्याआधी ओळखून घ्या.

काचेच्या बरणीत पाणी घेऊन मासे त्यात टाका आणि बरणी उन्हाकडे धरा. गप्पीचं तोंड वरच्या बाजूला वळलेलं असतं. श्वासासाठी वर आलेली अळी तो पृष्ठभागाखाली फिरत बरोबर टिपतो. मादी करड्या रंगाची, पोट फुगलेली, तीन ते सहा सेंटिमीटर लांब. पोटाच्या मागच्या टोकाशी गडद डाग दिसतो. नर तिच्याहून बराच लहान, पण शेपटीवर तांबडे, पिवळे, निळसर ठिपके.

फसगत होते ती मादीवरून, कारण गंबुशिया या दुसऱ्या माशाची मादीही तशीच दिसते. तेव्हा घोळक्यात नर शोधा. रंगीत नर दिसला तर गप्पी. सगळेच राखाडी असतील, शेपटीवर काळ्या बारीक ठिपक्यांच्या ओळी असतील, तर तो गंबुशिया समजा. हा मासा १९२८ साली डासांसाठीच आपल्या देशात आणला गेला. अळ्या तोही खातो, पण इतर माशांचे पर कुरतडतो, त्यांची आणि बेडकांची अंडी फस्त करतो. शेततळ्यात रोहू-कटला पाळणाऱ्याने त्याला दूरच ठेवावं. नाल्यात जाळी मारून आणलेले मासेही नकोत. त्यात मरळीचं पिल्लू आलं तर महिन्या-दोन महिन्यांत गप्पी उरत नाहीत.

गप्पी प्राथमिक आरोग्य केंद्रात किंवा जिल्हा हिवताप कार्यालयात मागा. हौदाच्या लांबीला दर मीटरमागे पाच ते दहा मासे पुरतात. आणलेली पिशवी पंधरा-वीस मिनिटं हौदात तरंगत ठेवून मगच तोंड सोडा. नुकतंच ब्लीचिंग टाकलेलं पाणी असेल तर दोन दिवस थांबा. खारट पाण्याचं या माशाला वावडं नाही, हा आपल्या भागाला मोठाच फायदा. काठाचं गवत आणि शेवाळ मात्र काढा, कारण अळ्या त्यातच लपतात. पिण्याच्या पाण्याचा रांजण आठवड्यातून एकदा घासून कोरडा करणंच बरं.

सर्वांत जास्त मासे मरतात ते फवारणीने. पऱ्हाटीवर मारायचं सायपरमेथ्रिन किंवा लॅम्डा माशांना फार विषारी आहे. पाठीवरचा पंप हौदावर धुऊ नका, वारा हौदाकडे वाहत असेल तर त्या बाजूच्या तासांना त्या दिवशी हात लावू नका.

आणि उरलेले मासे नाल्यात ओतू नका. गप्पीची मादी अंडी घालत नाही, थेट पिल्लं देते. महिन्याभरात वीस-चाळीस, आणि एकदा नराशी संग झाला की पुढे नर नसला तरी कित्येक महिने. आपला नाला शेवटी पेढीला नाहीतर मोर्णेला मिळतो, आणि तिथून पूर्णेला. तिथल्या बारीक देशी माशांच्या ताटात हा परका वाटेकरी कशाला?

थंडी गप्पीला सोसत नाही. डिसेंबरात उथळ टाक्यातले मासे मरतील, म्हणून दिवाळीनंतर दहा-पंधरा मासे, त्यात माद्या जास्त, खोल विहिरीत किंवा आडोशाच्या हौदात हलवून ठेवा.