लग्न होतं, पण बापाचं

प्रश्न : ‘ती फुलराणी’ पाहिलं. मूळ इंग्रजी नाटकात प्राध्यापक आणि फुलवालीचं शेवटी लग्न होतं का?
– एक वाचक, बोईसर

उत्तर : नाही. आणि ते होऊ नये म्हणून मूळ नाटककार बर्नार्ड शॉ वर्षानुवर्षं भांडला. पु. ल. देशपांडे यांनी १९७५ साली मराठीत आणलेलं हे नाटक, म्हणजे मूळचं ‘पिग्मॅलियन’, लंडनला १९१४ मध्ये आलं. प्राध्यापक झालेला नट हर्बर्ट ट्री पडदा पडता पडता नायिकेकडे फुलं फेकायचा. जुळलं एकदाचं, म्हणून प्रेक्षक खूश! शॉ भडकला. १९१६ च्या पुस्तकात त्याने लांबलचक पुरवणीच जोडली : फुलवाली एलायझा लग्न करते ते फ्रेडी नावाच्या तरुणाशी. घराणं मोठं, खिसा रिकामा. दोघं फुलांचं दुकान टाकतात आणि हिशेब जमेना म्हणून शिकवणीला जातात. (वसईपासून केळव्यापर्यंतच्या वाड्यांतली फुलं घेऊन पहाटेच्या गाडीने दादर गाठणाऱ्या आपल्याकडच्या बायकांनी ही शिकवणी फुकट घेतली असती.) तरीही १९३८ च्या चित्रपटाने शेवट गोडच केला. गंमत म्हणजे त्याच्या पटकथेच्या ऑस्करमध्ये शॉचाही वाटा होता.

पण नाटकात एक लग्न ठरतं, तुम्ही विचारलं नाहीत तरी सांगतो. ते फुलवालीच्या बापाचं. हा डूलिटल कचरा उचलणारा, दारुडा, लेकीच्या नावावर पाच पौंड उकळायला आलेला. प्राध्यापक थट्टेत एका अमेरिकन धनिकाला कळवतो, की इंग्लंडमधला सर्वांत अस्सल नीतिवादी तो हाच. धनिक मरताना त्याच्या नावे वर्षाला तीन हजार पौंड ठेवतो. अट एवढीच, की बोलावतील तेव्हा वर्षातून सहा वेळांपर्यंत व्याख्यान द्यायचं. झालं! कालपर्यंत ओळख न दाखवणारे नातेवाईक आता पन्नास. जमिनीचा मोबदला खात्यात पडल्यावर कुठले कुठले मावसभाऊ उगवतात, हे बोईसरकरांना मी काय सांगू? आणि इतकी वर्षं बिनलग्नाची सुखाने नांदलेली बाई म्हणते, आता लग्न करा. पैसा आला, अब्रू आली, बोहल्यावर चढणं आलं. बिचारा रडकुंडीला येऊन चर्चकडे निघतो. प्राध्यापकाच्या प्रेमापेक्षा मला हेच प्रकरण जास्त हसवतं.

शॉला ही भानगड लंडनच्या मध्यमवर्गीय अब्रूची वाटली. डहाणू-जव्हारकडच्या वारली, कातकरी पाड्यांत मात्र मांडव आणि जेवणावळीचा खर्च झेपत नाही म्हणून जोडपी आधी संसार थाटतात. पैसे जमले, किंवा सामुदायिक विवाह निघाला, की मग लग्न. कधी कधी आईबापांच्या लग्नात पोरंच वऱ्हाडी असतात. तोवर त्यांना कोणी नावं ठेवत नाही. डूलिटलचं दुखणं हेच, की त्याला पैशाआधी कोणी अब्रूदार म्हणत नव्हतं आणि पैशानंतर कोणी सोडायला तयार नव्हतं.