व्यापाराची पुस्तके वाचावीत कशी?

व्यापार, उद्योग आणि व्यक्तिमत्त्व विकास या विषयांवरील पुस्तकांना आज मोठी मागणी आहे. रेल्वे स्टेशनचा बुकस्टॉल असो की ग्रंथ प्रदर्शन, यशाचा मार्ग सांगणाऱ्या पुस्तकांचे ढीग सगळीकडे दिसतात. आपल्या यंत्रमागधारकांची आणि दुकानदारांची मुले ती हौसेने विकत घेतात. वाचल्यावर चार दिवस उत्साह टिकतो. पाचव्या दिवशी गल्ल्यावर बसले की सूत महागलेले, गिऱ्हाईक उधारी मागणारे आणि लाइट बिल थकलेले, हीच परिस्थिती समोर असते. मग वडीलधारी मंडळी म्हणतात, "पुस्तकांनी काय पोट भरते?" आणि पुस्तक कपाटात जाते.

आमच्या मते यात पुस्तकांचा दोष थोडा आणि वाचण्याच्या पद्धतीचा अधिक आहे. ही पुस्तके दोन प्रकारची असतात. पहिला प्रकार उपदेशाचा. हिंमत धरा, वेळ पाळा, गोड बोला, असे ती सांगतात. सल्ला खोटा नाही, परंतु एक तागा केवढ्याला पडला हे त्यातून कळत नाही. दुसरा प्रकार वृत्तांताचा. एखादी पेढी, गिरणी किंवा कंपनी कशी उभी राहिली, कशी अडचणीत आली, कशी सावरली किंवा कशी बुडाली, याची हकीकत त्यांत असते. व्यापाऱ्याने हा दुसरा प्रकार वाचावा आणि तो गोष्टीसारखा न वाचता दुसऱ्याच्या पेढीची खतावणी तपासावी तसा वाचावा. त्यासाठी आम्ही चार प्रश्न सुचवतो.

पहिला प्रश्न : भांडवल कोठून आले?

"खिशात दमडी नसताना तो शहरात आला" हे वाक्य अशा पुस्तकांत हमखास असते. वाचकाने तेथेच थांबून विचारावे, मग पहिला माल कोणी दिला? राहिला कोठे? धंदा शिकवला कोणी?

मारवाडी व्यापाऱ्यांवर थॉमस टिंबर्ग या अभ्यासकाचे पुस्तक १९७८ साली निघाले आणि त्याच विषयावर त्यांचे दुसरे पुस्तक २०१४ साली आले. राजस्थानातून कलकत्त्याला जाणारा तरुण एकटा नव्हता, हे त्यांत दिसते. शहरात उतरल्यावर त्याला 'बासा' म्हणजे सामाईक खानावळ मिळे. तेथे राहण्याची आणि जेवणाची सोय होई. ओळखीच्या पेढीवर तो आधी गुमास्ता म्हणून काम करी, वह्या लिहायला शिके, भाव पारखायला शिके. विश्वास बसल्यावर तीच पेढी त्याला उधारीवर माल देई. घनश्यामदास बिर्ला यांनी कलकत्त्यात तागाची दलाली केली आणि १९१९ साली तागाची गिरणी काढली. दलालीपासून गिरणीपर्यंतच्या या वाटेमागे घराण्याचा व्यापार आणि बाजारातील पत उभी होती.

यावरून काही लोक म्हणतात की व्यापार त्यांच्या रक्तातच आहे. आम्हाला हे पटत नाही. जेवणाची सोय, उमेदवारी आणि पतीवर माल, या तीन गोष्टी माणसांनी ठरवून उभ्या केल्या होत्या. ज्या गावात दहा व्यापारी आहेत, त्या गावात त्या कोणालाही उभ्या करता येतात. आपला भाचा किंवा पुतण्या दुकानात नुसता बसतो, की त्याला रोजमेळ लिहायला शिकवले जाते, येथून सुरुवात करावी.

दुसरा प्रश्न : रोजचा हिशेब कसा ठेवला?

आपण सहज विचारतो, "हा माल केवढ्याला पडला?" बिर्लांच्या कारखान्यांतील 'पडता' ही पद्धत याच प्रश्नावर उभी होती. उत्पादनाचा खर्च किती अपेक्षित होता, प्रत्यक्ष किती झाला, नफा किती अपेक्षित होता आणि किती झाला, याचा तक्ता महिनाअखेरची वाट न पाहता रोजच्या रोज मालकापुढे येई.

एक उदाहरण घेऊ. आकडे केवळ समजण्यासाठी आहेत. एका कारखान्यात १२ माग आहेत. गाळ्याचे भाडे, कर्जाचे व्याज, मुकादमाचा पगार असा जो खर्च माग चालो वा न चालो द्यावाच लागतो, तो महिन्याला ३९,००० रुपये आहे. कामाचे दिवस २६ धरले तर हा बांधील खर्च रोजचा १,५०० रुपये झाला. रोज ६०० मीटर कापड निघाले तर मीटरमागे अडीच रुपये पडले. दोन माग बंद राहून ५०० मीटरच निघाले तर तोच खर्च मीटरमागे तीन रुपये होतो. सूत, मजुरी आणि वीज धरून मीटरमागे ४० पैसे सुटतील, असा सौदा ६०० मीटरच्या हिशेबाने केलेला असेल, तर आता सुटणे दूरच, मीटरमागे १० पैसे घरचे जातात. कापडाचा भाव बदलला नाही, सुताचा बदलला नाही, तरी नफ्याचा तोटा झाला. ज्याचा हिशेब रोजचा आहे त्याला हे त्याच संध्याकाळी कळते. ज्याचा हिशेब डोक्यात आहे त्याला वर्षाखेरीस कळते आणि तोवर पुढचे सौदेही त्याच भावाने झालेले असतात.

तिसरा प्रश्न : तेजी कशामुळे आली आणि गेल्यावर काय उरले?

या प्रश्नासाठी मुंबईचा कापसाचा इतिहास कापडवाल्यांनी जरूर वाचावा. लक्ष्मी सुब्रमण्यन यांचे 'थ्री मर्चंट्स ऑफ बॉम्बे' हे पुस्तक २०१२ साली निघाले असून त्यात प्रेमचंद रायचंद यांची हकीकत आहे. दिनशा वाच्छा यांनीही त्या काळावर १९१० साली एक पुस्तक लिहिले होते.

१८६१ साली अमेरिकेत यादवी युद्ध पेटले. तेथील कापूस इंग्लंडच्या गिरण्यांना मिळेना, म्हणून हिंदुस्थानातील कापसाचे भाव चढले आणि मुंबईत पैशाचा पूर आला. हा पैसा समुद्र भरून जमीन काढणाऱ्या कंपन्यांच्या शेअर्समध्ये लागला. बँकांनी शेअर्सच्या तारणावर कर्जे दिली आणि त्या कर्जांतून पुन्हा शेअर्स घेतले गेले. १८६५ च्या एप्रिलमध्ये युद्ध संपत आले आणि कापसाचे भाव कोसळले. १ जुलै १८६५ हा वायदे चुकते करण्याचा दिवस होता. त्या दिवशी अनेकांना पैसे देता आले नाहीत. मोठमोठी नावे बुडाली, बँक ऑफ बॉम्बेही पुढे बुडाली. टाटांच्या घराण्यालाही या मंदीची झळ पोहोचली.

ही तेजी मुंबईच्या व्यापाऱ्यांनी आणलेली नव्हती. ती हजारो मैलांवरच्या लढाईने आणली आणि लढाई थांबताच गेली. भाव चढला की आपण आपल्या हुशारीची तारीफ करतो. तेव्हा स्वतःला विचारावे, हा भाव कोणाच्या अडचणीमुळे आहे आणि ती अडचण किती दिवस टिकेल?

यासमोर जमशेटजी टाटांची नागपूरची एम्प्रेस मिल ठेवून पाहावी. आर. एम. लाला यांच्या 'द क्रिएशन ऑफ वेल्थ' या १९८१ च्या पुस्तकात तिची माहिती आहे. कापडगिरणी म्हणजे मुंबई, असे समीकरण असताना जमशेटजी नागपूरला गेले. कापूस तेथे जवळ होता आणि दगडी कोळसा वरोऱ्याहून मिळण्यासारखा होता. १ जानेवारी १८७७ रोजी गिरणी सुरू झाली. पुढे त्यांनी यंत्रसामग्री सुधारली, सूत कातण्यासाठी नवी रिंग पद्धत लवकर स्वीकारली आणि १८८६ साली कामगारांसाठी निवृत्तिवेतन निधी सुरू केला. ही गिरणीही काळाच्या ओघात बंद पडली, परंतु तिने पिढ्यान्‌पिढ्या लोकांना रोजगार दिला. एकीकडे कागदावरचा भाव होता, दुसरीकडे जागा, माल, यंत्र आणि माणूस यांचा विचार होता.

चौथा प्रश्न : मालक गेल्यावर पेढीचे काय झाले?

आम्हाला हा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा वाटतो. आपल्या बाजारात असे किती गाळे आहेत, की जे वडील हयात असेपर्यंत चालले आणि त्यांच्यानंतर दोन-तीन वर्षांत बंद झाले? येणे कोणाकडून, देणे कोणाला, भागीत कोणाचा किती हिस्सा, हे एकाच माणसाच्या डोक्यात होते. तो गेला आणि भाऊ भावापासून तुटले.

आता जळगाव जिल्ह्यातील अमळनेरचे उदाहरण पाहा. महंमद हाशम प्रेमजी यांनी तेथे १९४५ साली वनस्पती तेलाचा कारखाना काढला. १९६६ साली त्यांचे निधन झाले तेव्हा मुलगा अझीम २१ वर्षांचा होता आणि अमेरिकेत शिकत होता. तो परत आला व त्याने कारभार हाती घेतला. पुढे याच कंपनीचे नाव विप्रो झाले आणि ती संगणकाच्या व्यवसायात गेली. संदीप खन्ना आणि वरुण सूद यांनी लिहिलेले अझीम प्रेमजींचे चरित्र २०२० साली निघाले आहे. ते वाचताना मुलाच्या हुशारीबरोबर आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. वडिलांनी मागे ठेवला तो धंदा भागधारकांची, रीतसर हिशेब असलेली कंपनी होता. नवख्या वारसाला हाती घेण्यासारखे काही तेथे लिहिलेले होते.

सिप्लाचे संस्थापक ख्वाजा अब्दुल हमीद यांनी १९३५ साली कंपनी काढली. त्यांचे आत्मचरित्र १९७२ साली प्रसिद्ध झाले. त्यांचे पुत्र युसूफ हमीद केंब्रिजहून रसायनशास्त्रात डॉक्टरेट घेऊन १९६० साली कंपनीत आले. २००१ साली याच कंपनीने एड्सवरील औषधे एका रुग्णाला वर्षाला ३५० डॉलरमध्ये देण्याची तयारी दाखवली. परदेशी कंपन्यांचा खर्च तेव्हा दहा हजार डॉलरच्या पुढे होता. वारसाला केवळ गादी देऊन भागत नाही, त्या धंद्याची तालीमही द्यावी लागते, हे येथे दिसते.

वाचताना एक सावधगिरी बाळगावी. जे यशस्वी झाले त्यांचीच चरित्रे बहुधा लिहिली जातात आणि पुष्कळदा त्यांच्याच माणसांकडून लिहिली जातात. बुडालेल्या पेढ्यांची पुस्तके क्वचितच निघतात. म्हणून स्तुतीची पाने भरभर उलटावीत आणि अडचणीची पाने सावकाश वाचावीत.

यांतील बरीच पुस्तके इंग्रजीत आहेत, ही अडचण खरी आहे. आमच्यासारखी उर्दू माध्यमात शिकलेली पिढी ती सहज वाचू शकत नाही. यावर उपाय सोपा आहे. मालेगावसारख्या गावात शुक्रवारी माग बंद असतात. त्या दिवशी आठ-दहा व्यापाऱ्यांनी एकत्र बसावे. ज्या मुलाला इंग्रजी येते त्याने एक प्रकरण वाचून आपल्या बोलीत सांगावे आणि बाकीच्यांनी वरील चार प्रश्न विचारावेत. उत्तरे वहीत लिहावीत.

त्याच वहीच्या दुसऱ्या पानावर हेच चार प्रश्न आपल्या दुकानासाठी लिहावेत. भांडवल कोणाचे किती? आज माल केवढ्याला पडला? सध्याचा नफा कशामुळे आहे? आणि उद्या आपण नसलो तर ही वही कोणाला वाचता येईल? ज्या प्रश्नाचे उत्तर लिहिता येणार नाही, त्या प्रश्नापासून कामाला लागावे.