धम्मस्थळांची सहा दिवसांची सहल : काय पाहावे, काय विचारावे



पावसाळा सरला की विहाराविहारांतून बौद्ध स्थळांच्या सहली निघू लागतात. चाळीस-पन्नास माणसे, एक बस, एक आचारी, एक गाइड आणि सहा दिवसांत सारनाथ ते कुशीनारा. ज्या घरांनी अलीकडेच दीक्षा घेतली आहे त्या घरांत अशा वेळी एक प्रश्न हटकून निघतो. "पूर्वी आपले लोक पंढरीला, काशीला जात. आता बोधगयेला जायचे. मग बदलले काय?" हा प्रश्न चांगला आहे. त्याचे उत्तर मिळाल्याशिवाय बसमध्ये बसू नये. या पाठात ते उत्तर आणि मार्गावरील प्रत्येक ठिकाणी ध्यानात ठेवायच्या गोष्टी दिल्या आहेत.

१. आपण का जातो?

महापरिनिर्वाणापूर्वी तथागतांनी आनंदाला चार स्थळे सांगितली असे महापरिनिब्बान सुत्तात आले आहे : जन्माचे, संबोधीचे, पहिल्या उपदेशाचे आणि परिनिर्वाणाचे. श्रद्धावंताने ही स्थळे पाहावीत, असे ते सांगणे होते. तिथल्या पाण्यात बुडी मारल्याने पाप धुऊन निघते, असे तथागतांनी कोठेही शिकवले नाही.

याविषयी थेरीगाथेत पूर्णिकेची कथा आहे. ती अनाथपिंडिकाच्या घरची दासी. थंडीत नदीवर पाणी भरायला जाई. तिथे एक ब्राह्मण पाप धुण्यासाठी कुडकुडत स्नान करी. पूर्णिकेने त्याला सरळ विचारले की, पाण्याने पाप जात असेल तर नदीतले बेडूक आणि कासवे आधी स्वर्गाला जायला हवीत, नाही का? आणि नदी पाप वाहून नेत असेल तर पुण्यही वाहून नेईल! ब्राह्मण निरुत्तर झाला आणि बुद्धाला शरण गेला. एका पाणक्या दासीने हा प्रश्न विचारला, हे विसरू नका. आपण सहलीला निघतो ते पूर्णिकेसारखे प्रश्न घेऊन. नवस फेडायला नव्हे, पुण्य गोळा करायला नव्हे. पाहायला, समजून घ्यायला आणि समजलेले घरी आणायला.

२. निघण्यापूर्वी

पहिली गोष्ट पैशाची. कर्ज काढून सहलीला जाऊ नका. जत्रेसाठी सावकाराचे उंबरठे झिजवण्याची पिढ्यान्‌पिढ्यांची रीत आपण धम्म घेऊनही चालू ठेवली तर मिळवले काय? विहारात दरमहा थोडी वर्गणी जमवा. दोन वर्षे लागली तरी चालेल. स्थळे अडीच हजार वर्षे वाट पाहत आहेत.

दुसरी गोष्ट कराराची. कोणती गावे, प्रत्येक ठिकाणी किती तास, मुक्काम कोठे, जेवण कोणाचे, हे यात्रा कंपनीकडून लिहून घ्या आणि पैशाची पावती घ्या. कार्यक्रमात "काशी-गया दर्शन" असे मोघम शब्द असतील तर तेव्हाच खुलासा मागा. गया आणि बोधगया ही दोन वेगळी गावे आहेत. दोहोंमध्ये सुमारे बारा किलोमीटरचे अंतर आहे, पण विचारांचे अंतर त्याहून फार मोठे आहे.

तिसरी गोष्ट वाचनाची. बाबासाहेबांचा 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' हा ग्रंथ बसमध्ये एक तरी असावा. गाइड सांगेल की म्हातारा, रोगी आणि प्रेत पाहून सिद्धार्थाने घर सोडले. बाबासाहेबांनी ही कथा बुद्धीला पटत नाही म्हणून नाकारली आहे आणि रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य व कोलीय यांच्यात झालेल्या तंट्याचे कारण दिले आहे. दोन्ही कथा मुलांना सांगा आणि कोणती पटते ते त्यांनाच ठरवू द्या.

ऑक्टोबर ते मार्च हा काळ बरा. मात्र डिसेंबर-जानेवारीत उत्तर भारतात दाट धुके पडते. तेव्हा रात्रीचा बसप्रवास टाळावा. बिहारमध्ये २०१६ पासून दारूबंदीचा कायदा आहे. पंचशील पाळणाऱ्याला कायद्याची भीती असण्याचे कारण नाही, पण सोबतच्या प्रत्येकाला आधीच सांगून ठेवा.

३. सारनाथ

पहिला दिवस सारनाथचा. वाराणसीपासून ते सुमारे दहा किलोमीटरवर आहे. येथे तथागतांनी पाच परिव्राजकांना पहिला उपदेश केला. मोठा गोल धमेक स्तूप दुरूनच दिसतो. त्याच्याजवळ धर्मराजिक स्तूपाचा नुसता पाया उरला आहे. १७९४ साली बनारसच्या जगतसिंगाच्या माणसांनी तो स्तूप विटांसाठी खणून काढला. धर्म विसरला की स्तूपाच्या विटा होतात, हे मुलांना येथेच समजावून द्यावे.

संग्रहालय चुकवू नका; ते शुक्रवारी बंद असते, म्हणून वार पाहूनच कार्यक्रम आखा. १९०५ सालच्या उत्खननात सापडलेले अशोकाचे चार सिंहांचे स्तंभशीर्ष तेथे आहे. तेच आपल्या प्रजासत्ताकाचे बोधचिन्ह. खिशातील नाणे काढून मुलाच्या हातावर ठेवा आणि समोरचे सिंह दाखवा. ज्या देशात आपल्या आजोबांना शाळेच्या बाहेर बसावे लागले, त्या देशाच्या नाण्यावर बुद्धाच्या धम्मचक्राचा हा वारसा आहे, हे त्याला एका क्षणात कळेल.

४. बोधगया

सारनाथहून बोधगया सुमारे अडीचशे किलोमीटर. बसचा बहुतेक दिवस जातो. येथे एक पूर्ण दिवस ठेवा.

महाबोधी महाविहार सुमारे पन्नास मीटर उंच आहे. २००२ साली त्याला जागतिक वारसास्थळाचा दर्जा मिळाला. मागे बोधिवृक्ष आहे. तो मूळ वृक्ष नव्हे. जुने झाड १८७६ साली उन्मळून पडले आणि कनिंगहॅम यांच्या देखरेखीच्या काळात त्याच्याच वंशाचे रोप लावले गेले. झाडाची पाने तोडू नका. गळून पडलेले पान मिळाले तर ठेवा, पण ताईत म्हणून बांधू नका. मोबाइल फोन आत नेऊ देत नाहीत. त्याने नुकसान काही नाही. तासभर शांत बसण्यास मदतच होते.

येथे तीन प्रसंग हमखास येतात. त्यांची तयारी करून जा.

पहिला प्रसंग पिंडदानाचा. गयेत बस थांबते आणि कोणी भटजी वडिलांचे नाव विचारतो. आपल्या घरची आजी गहिवरते. "तुझ्या आजोबाचं काहीच केलं नाही रे," म्हणते. तिला रागावू नका आणि चारचौघांत तिचा अपमान करू नका. तिचे प्रेम खरे आहे. फक्त ते व्यक्त करण्याची रीत दुसऱ्यांनी ठरवून दिलेली आहे. तिला सांगा, "आजी, श्राद्ध-पिंडदान करणार नाही अशी प्रतिज्ञा आपण बावीस प्रतिज्ञांत घेतली. आजोबांच्या नावाने आपण गावात एका मुलीची वह्या-पुस्तके घेऊ." मग बोधिवृक्षाखाली तिच्याबरोबर बसून त्रिशरण-पंचशील म्हणा. आजी समजते. तिला कोणी समजावून सांगितलेले नसते, एवढेच.

दुसरा प्रसंग अवताराचा. गाइड म्हणतो, "बुद्ध म्हणजे विष्णूचा नववा अवतार." मुलांसमोर गप्प बसू नका. नम्रपणे सांगा की, आम्ही तसे मानत नाही. बुद्धांनी स्वतःला देव किंवा देवाचा प्रेषित म्हटले नाही, ते मार्ग दाखवणारे होते. वाद वाढवू नका, पण उत्तर दिल्याशिवाय पुढे जाऊ नका. आपल्या मुलाच्या कानात शेवटचा शब्द कोणाचा राहतो, हे महत्त्वाचे आहे.

तिसरा प्रसंग व्यवस्थापनाचा. मुले विचारतात, "बुद्धाच्या विहारात दुसरे पुजारी कसे?" त्यांना इतिहास सांगा. हे स्थळ दीर्घकाळ शैव महंताच्या ताब्यात होते. श्रीलंकेचे अनागारिक धर्मपाल १८९१ साली येथे आले, तेथील दशा पाहून व्यथित झाले, महाबोधी सोसायटी स्थापली आणि विहारासाठी जन्मभर झगडले. १९४९ च्या कायद्याने व्यवस्थापन समिती नेमली गेली : चार बौद्ध, चार हिंदू आणि अध्यक्षपदी जिल्हाधिकारी. १९९२ पासून भदंत आर्य नागार्जुन सुरई ससाई यांनी मुक्तीचे आंदोलन उभारले. २०२५ च्या फेब्रुवारीपासून भिक्खूंनी पुन्हा धरणे धरले. मागणी तीच, की बौद्धांचे विहार बौद्धांच्या हाती असावे. हे सारे शांतपणे सांगा. मागणी न्यायाची आहे आणि ती मांडण्याचा मार्गही तथागतांना शोभेल असाच हवा.

५. राजगृह आणि नालंदा

चौथ्या दिवशी राजगृह. बिंबिसाराने दिलेले वेणुवन, तथागतांचे आवडते गृध्रकूट आणि डोंगरावर १९६९ साली उभा राहिलेला जपानी भिक्खूंचा विश्वशांती स्तूप. पाळण्यातून वर जायला मुलांना मौज वाटते. मौज करू द्या. पण गाइड बहुधा सांगत नाही अशा दोन गोष्टी येथे तुम्ही सांगा.

एक सुनीताची. तो या नगरात रस्ते झाडणारा. तथागत भिक्खूंसह समोरून येताना पाहून तो टोपली बाजूला ठेवून भिंतीला चिकटून उभा राहिला. तथागत त्याच्यापाशी गेले, त्याच्याशी बोलले आणि त्याला संघात घेतले. दुसरी उपालीची. तो शाक्यांचा न्हावी. तथागतांच्या परिनिर्वाणानंतर याच राजगृहात पहिली संगीती भरली. धम्म आनंदाने सांगितला आणि विनय, म्हणजे संघाचा कायदा, सांगितला उपालीने. पाचशे भिक्खूंच्या सभेत कायद्यावर शेवटचा शब्द एका न्हाव्याचा मानला गेला. पुढे अडीच हजार वर्षांनी या देशाच्या राज्यघटनेच्या मसुदा समितीचे अध्यक्षपद कोणाकडे आले, हे मुलांना विचारा. ते उत्तर देतील.

राजगृहापासून नालंदा जवळच. पाचव्या ते बाराव्या शतकापर्यंत येथे महाविहार नांदला. चीनचा ह्युएन त्संग सातव्या शतकात येथे शिकला. भिक्खूंच्या खोल्यांच्या रांगा पाहा. एका खोलीच्या दारात मुलाला उभे करा आणि सांगा की येथे तुझ्यासारखेच शिकायला लोक हजारो मैल चालत आले. बाबासाहेबांनी १९४५ साली स्थापलेल्या शिक्षणसंस्थेच्या मुंबईतील महाविद्यालयाला सिद्धार्थ हे नाव दिले आणि औरंगाबादच्या महाविद्यालयाला मिलिंद, ते उगाच नव्हे. ज्ञान आणि धम्म त्यांनी एकाच धाग्यात ओवले.

६. वैशाली

पाटण्यावरून गंगा ओलांडून वैशालीला जायचे. कोल्हुआ येथे अशोकाचा सिंहस्तंभ अजून उभा आहे. हे लिच्छवींचे गणराज्य. संविधान सभेतील २५ नोव्हेंबर १९४९ च्या भाषणात बाबासाहेबांनी भारतातील प्राचीन गणराज्यांची आणि भिक्खुसंघातील सभानियमांची आठवण दिली होती. मतदान, ठराव, गणपूर्ती या गोष्टी आपल्याला परक्या नाहीत.

आया-बहिणींनी येथे थोडे जास्त थांबावे. महाप्रजापती गौतमी शाक्य स्त्रियांसह कपिलवस्तूहून पायी चालत येथे आली. पाय सुजलेले, अंगावर धूळ. तिने मागणे सोडले नाही आणि भिक्खुणीसंघ स्थापन झाला. बसमधल्या मुलींना ही कथा सांगण्याचे काम पुरुषांनी घेऊ नये. ते एखाद्या आईने करावे.

७. कुशीनारा

वैशालीहून अर्ध्या दिवसाच्या प्रवासाने कुशीनारा येते. महापरिनिर्वाण विहारात सहा मीटरहून लांब अशी पहुडलेली मूर्ती आहे. येथे कोणाला काही सांगावे लागत नाही. रांगेत शांतपणे फिरा आणि बाहेर येऊन बसा.

मग चुंदाची गोष्ट सांगा. तो लोहारकाम करणारा. त्याच्या घरचे भोजन हे तथागतांचे अखेरचे भोजन. ते आजारी पडल्यावर लोक चुंदाला दोष देतील, म्हणून तथागतांनी आनंदाला आवर्जून सांगितले की, चुंदाला कोणी बोल लावू नये. त्याचे दान थोर आहे. मरणाच्या दारातही त्यांना एका लोहाराच्या मनाची काळजी होती.

कुशीनाराशी आपले आणखी एक जवळचे नाते आहे. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात बाबासाहेबांना दीक्षा देणारे महास्थविर चंद्रमणी येथेच राहत. त्याच वर्षी नोव्हेंबरात काठमांडूच्या जागतिक बौद्ध परिषदेला बाबासाहेब गेले होते. ६ डिसेंबरला त्यांचे परिनिर्वाण झाले. शरीर थकलेले असताना ते इतक्या दूर गेले. आपण तर आरामाच्या बसमधून जातो.

येथून गोरखपूर सुमारे पन्नास किलोमीटर. तेथे मुंबईची गाडी मिळते. लुंबिनी आणि श्रावस्ती पुढच्या खेपेस ठेवा. सहा दिवसांत सारेच पाहू गेले तर काहीच पाहणे होत नाही.

८. परतल्यावर

परत आल्यावर विहारात एक सभा घ्या. जे पैशाअभावी येऊ शकले नाहीत, त्यांना आधी बोलवा. प्रत्येक मुलाने एका स्थळाविषयी पाच वाक्ये बोलावीत. आजोबांच्या नावाने वह्या-पुस्तके देण्याचे कबूल केले असेल, तर ती त्याच सभेत द्यावीत. सहलीची हीच खरी पावती.

घरी चर्चेसाठी प्रश्न :
(१) पूर्णिकेने विचारलेला प्रश्न आजच्या कोणत्या रूढींना विचारता येईल?
(२) उपालीने विनय सांगितला, यातून संघाविषयी काय कळते?
(३) महाबोधी विहाराच्या व्यवस्थापनाविषयी तुमचे मत काय? कारणे द्या.
(४) आजीला पिंडदानाविषयी तुम्ही कोणत्या शब्दांत समजावाल?

जयभीम! नमो बुद्धाय!