दारातल्या आरव्हीला घरची वीज

अमेरिकेत आरव्ही घेऊन फिरायला निघालं की वाटेत कुणा आत्याच्या, मावसभावाच्या ड्राइव्हवेत मुक्काम पडतो. रात्रीपुरती त्यांच्या घरची वीज घेता येते. मात्र घरचं साधं सॉकेट १२० व्होल्टचं, बहुधा १५ अँपिअरच्या ब्रेकरवरचं. आरव्ही ३० किंवा ५० अँपिअरची. सॉकेट देईल तेवढ्यातच भागवायचं.

गॅरेजमधलं किंवा बाहेरच्या भिंतीवरचं, ‘टेस्ट’ आणि ‘रीसेट’ बटणांचं जीएफसीआय सॉकेट निवडा. ‘टेस्ट’ दाबल्यावर वीज गेलीच पाहिजे. ‘रीसेट’ करून तीन दिव्यांचा टेस्टर लावा: अर्थिंग आहे ना, फेज-न्यूट्रल उलटे नाहीत ना? इथे घाई नको. अर्थिंग तुटलेलं असेल आणि आत कुठे वायर उघडी पडली, तर आरव्हीच्या बॉडीत करंट उतरतो. ओल्या गवतावर उभं राहून दाराची मूठ धरणाऱ्या मुलाच्या जिवावर बेतू शकतं. दोष दिसला तर ते सॉकेट सोडाच. अर्थिंगची पिन कापून काम भागवणं तर कधीच नाही.

कपडे वाळवायच्या ड्रायरचं ३० अँपिअरचं सॉकेट पाहून मोह होईल. ते २४० व्होल्टचं असतं, आरव्हीचा ३० अँपिअरचा प्लग १२० व्होल्टचा. अडॅप्टरने दोन्ही जुळवलेत तर आतली उपकरणं क्षणात जळतील.

एक्स्टेन्शन केबल बाहेर वापरायची, तीन तारांची, किमान १२ गेजची घ्या. १० गेज आणखी जाड, म्हणून आणखी चांगली. लांबी ५० फुटांच्या आत ठेवा आणि गुंडाळी पूर्ण उलगडा, नाहीतर ती तापते.

आता जोडणी. आरव्हीतली उपकरणं आणि मेन ब्रेकर बंद करा. आरव्हीच्या केबलला १५ अँपिअरचा अडॅप्टर लावा, त्याला एक्स्टेन्शन, आणि भिंतीतला प्लग सर्वांत शेवटी. जोड जमिनीपासून उचलून कोरडे राहतील असे ठेवा. मग मेन चालू करा.

१५ अँपिअर म्हणजे १८०० वॅट, पण तासन् तास चालवायचं तर १४४० वॅटच्या आत राहा. त्याच ब्रेकरवर घरातलं काही चालू असेल तर त्याहूनही कमी. दिवे, पंखा, लॅपटॉप, बॅटरीचं चार्जिंग खुशाल चालेल. फ्रिज आणि गरम पाणी गॅसवर घ्या. मायक्रोवेव्ह लावायचा तर तेवढी मिनिटं बाकी सगळं बंद. छतावरचा एसी आणि १५०० वॅटचा हीटर नकोच.

अर्ध्या तासाने प्रत्येक प्लगला हात लावून पाहा. गरम लागला तर भार उतरवा आणि तो जोड बदला. जीएफसीआय पुन्हापुन्हा पडत असेल तर दुसरं, संरक्षण नसलेलं सॉकेट शोधू नका. आरव्हीतले सगळे ब्रेकर बंद करून एकेक चालू करा. ज्याच्यावर पडेल, दोष तिथे आहे. बऱ्याचदा तो पाणी तापवणाऱ्या एलिमेंटमध्ये सापडतो.

निघताना आधी उपकरणं, मग मेन बंद करा, नंतर भिंतीतला प्लग काढा आणि मगच बाकीचे जोड सोडवा.