आधी भाषा, मग अर्थ

मूल, जि. चंद्रपूर

चि. मेघना,

तू पाठवलेली नावांची यादी वाचली. वहिनीचे दिवस भरत आलेत आणि बारशाला बाळाच्या कानात नाव सांगायचा मान आत्याचा, म्हणजे तुझा. तेव्हा ही उठाठेव तुलाच करावी लागेल. यादीत प्रत्येक नावापुढे अर्थ दिलाय, पण तो कुठून आणला याचा पत्ता नाही.

'आरव' घे. पुढे लिहिलंय 'शांत'. आपट्यांचा १८९० चा संस्कृत कोश उघड, नाहीतर मोनिअर-विल्यम्सचा १८९९ चा. आरव म्हणजे आवाज, आरडाओरडा, गर्जना. 'अरव' असतं तर निःशब्द म्हणता आलं असतं. बहुधा कुणाच्या तरी नजरेतून काना सुटला आणि बाकीच्यांनी तेच उतरवून घेतलं. नाव वाईट नाही, रात्री तीन वाजता तर अगदी सार्थ ठरेल! फक्त बारशाच्या पत्रिकेत 'शांत' छापू नका.

'कियारा' संस्कृत म्हणून दिलंय. इटलीतली किआरा म्हणजे निर्मळ, तेजस्वी; आयर्लंडमधलं तसंच दिसणारं नाव 'काळी' या अर्थाचं. आणि 'मायरा' तर फुल्क ग्रेव्हिल या इंग्रज कवीनं सुमारे ४०० वर्षांपूर्वी आपल्या कवितेतल्या प्रेयसीसाठी घडवलेलं. आवडलं तर खुशाल ठेवा, पण त्याला वेदात नेऊन बसवू नका.

आपल्या जंगलपट्ट्यात तर गोंडी नावांनाही ओढूनताणून संस्कृत अर्थ चिकटवतात, याचा मला फार राग येतो. गोंडी ही द्राविडी भाषा, सिरोंच्याकडच्या तेलुगूची नातलग. तिच्यात फूल म्हणजे पुंगार, चंद्र म्हणजे नेलेंज. हे शब्द आपट्यांकडे कसे सापडतील? त्यासाठी बरो आणि एमेनो यांचा १९६१ चा द्राविडी व्युत्पत्तिकोश आहे. त्याची १९८४ ची सुधारित आवृत्ती शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर फुकट पाहता येते. पण त्याच्याही आधी तुझ्या एटापल्लीच्या शाळेतल्या पोरांच्या आज्यांना विचार. तिथल्या माडिया गोंडीतला उच्चार त्याच सांगतील.

'हिराई' मात्र मला मनापासून आवडलं. चंद्रपूरची गोंड राणी. पती बीरशहाची समाधी तिनं बांधवली, आजही उभी आहे. अशा नावाचा अर्थ शोधत बसायचं कारण नाही. कुणाचं नाव ते सांगता आलं की झालं.

घाई करू नका. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते, पण ती बिननावाचीही होते. नाव वर्षभरात फुकट घालता येतं, त्यानंतर विलंबशुल्क भरून. एकदा घातलेलं नाव बदलायला मात्र खेटे घालावे लागतात. तेव्हा दाखल्यावर काही चढवण्याआधी प्रत्येक नावापुढे त्याची भाषा आणि कोशाचं नाव लिही, आणि यादी मला परत पाठव.

तुझी,
आत्या